माइनक्राफ्टमधला गहू लवकर कसा आणावा : सलग पेरा की ओळीआड ओळ?

वाघूरकाठ

नमस्कार. भुसावळमध्ये सध्या दुपारी अकरानंतर घराबाहेर पाऊल टाकण्याची सोय नाही. त्यामुळे माझा मुलगा आणि सुट्टीत आलेला भाचा कूलरसमोर बसून माइनक्राफ्टमध्ये शेती करत आहेत, आणि गेल्या आठवड्यापासून मीही त्यांच्या वावरात मजुरीला आहे. खेळ संगणकावरचा, जावा आवृत्तीचा आहे.

अडचण अशी, की आमचा गहू फार सावकाश येतो. मधोमध पाण्याचा एक ठोकळा, त्याभोवती नऊ बाय नऊचा वाफा आणि उरलेल्या ८० घरांत सलग गहू, अशी आमची मांडणी आहे. सगळी जमीन ओली होऊन गडद दिसते, कडेने टॉर्च लावले आहेत आणि जनावरे शिरू नयेत म्हणून कुंपणही घातले आहे. तरीही पेरणीनंतर बरोबर अर्ध्या तासाने मोजले, तेव्हा ८० पैकी जेमतेम ११ रोपे पिवळी झाली होती.

भाच्याचे म्हणणे असे, की बिछान्यावर झोपून रात्र काढली की पीक वाढते. मुलाच्या मते बोन मीलशिवाय (हाडांपासून होणारे खेळातले खत) गत्यंतर नाही. मला मात्र मांडणीतच काहीतरी चुकल्याचा संशय येतो, आणि त्याचे कारण सांगते. भाच्याने उरलेले बियाणे घराच्या भिंतीलगत पाटाच्या कडेने एकाच ओळीत टाकले होते, नऊ रोपे. त्याकडे कोणी लक्षही दिले नाही, पण त्या नऊपैकी तीन रोपे त्याच अर्ध्या तासात तयार झाली. मळ्यातला गहू मागे आणि बांधावरचा पुढे, हे कसे? जाणकारांनी कृपया सांगावे.

सातपुडा९

ताई, आपल्या चिरंजिवांचे म्हणणे मला पटते. वाढ होण्याची वाट पाहत बसण्यापेक्षा हाडे गोळा करावीत. एका हाडातून तीन बोन मील निघतात, आणि एका वापरात गहू, गाजर किंवा बटाटा दोन ते पाच पायऱ्या पुढे सरकतो. पेरणीपासून काढणीपर्यंत गव्हाला सातच पायऱ्या चढायच्या असतात, म्हणजे दोन-तीन, क्वचित चार वापरांत पीक हातात येते. मी शहाद्याकडचा आहे. आमच्याकडे खताची गोणी मिळवण्यासाठी रांगेत उभे राहावे लागते. खेळात निदान ती रांग नाही, तिथे स्केलेटन, म्हणजे रात्री हल्ला करणारा हाडांचा सापळा, स्वतःच खत घेऊन दारात येतो.

चौकोनी_वावर

वाघूरकाठ ताई, आपला संशय अगदी बरोबर आहे, आणि बांधावरच्या त्या ओळीची नोंद ठेवलीत हे फार चांगले केलेत. उत्तर तिच्यातच आहे. थोडे सविस्तर लिहितो.

खेळाचे घड्याळ सेकंदाला २० ठोके देते. त्या ठोक्याला टिक म्हणतात. जावा आवृत्तीत प्रत्येक टिकला, १६ बाय १६ बाय १६ ठोकळ्यांच्या प्रत्येक विभागातून, म्हणजे ४०९६ ठोकळ्यांमधून, चिठ्ठ्या टाकल्यासारखे तीन ठोकळे निवडले जातात. चिठ्ठी दगडाच्या नावाने निघाली तर काहीच घडत नाही. रोपाच्या नावाने निघाली तर त्या रोपाला वाढण्याची एक संधी मिळते. गणित केले तर एका रोपाची पाळी सरासरी ६८ सेकंदांनी येते. ही पाळी सगळ्यांना सारखीच मिळते. पाण्याने, खताने किंवा मांडणीने ती लवकर येत नाही.

फरक पडतो तो पाळी आल्यानंतर. पाळी आली म्हणजे रोप वाढलेच असे नाही. त्याची शक्यता खेळ गुणांवरून ठरवतो. रोपाखालची जमीन कोरडी असेल तर २ गुण आणि ओली असेल तर ४. भोवतीच्या आठ घरांपैकी जितकी घरे नांगरलेली असतील, त्यांतल्या प्रत्येक ओल्या घराचे पाऊण आणि कोरड्याचे पाव गुण मिळतात. सगळे ओले असले की ४ आणि ६ मिळून १० गुण होतात. मग २५ ला या गुणांनी भागायचे, अपूर्णांक सोडून द्यायचा आणि १ मिळवायचा. दहा गुणांना उत्तर ३ येते, म्हणजे तीन पाळ्यांत सरासरी एकदा वाढ होते.

आता आपली चूक. कोपऱ्यातल्या चार घरांपैकी एकातही तेच पीक असेल, किंवा उभ्या आणि आडव्या अशा दोन्ही दिशांना तेच पीक लागून असेल, तर हे गुण निम्मे होतात. सलग गव्हाच्या वाफ्यात प्रत्येक रोपाला ही कात्री लागते. दहाचे पाच गुण उरतात आणि तीन पाळ्यांच्या जागी सहा पाळ्यांत एकदा वाढ होते. आपल्या बांधावरच्या ओळीला गुण कमीच होते, कारण तिच्याभोवती नांगरलेली जमीन नव्हती. चार स्वतःचे आणि डाव्या-उजव्या शेजाऱ्यांचे पाऊण-पाऊण, असे साडेपाच. पण गव्हाला गहू एकाच दिशेने लागून होता, कोपऱ्यांत काही नव्हते, म्हणून कात्री लागली नाही आणि पाच पाळ्यांत एकदा वाढ होत राहिली. उपेक्षित ओळ पुढे गेली ती यामुळे.

उपाय सोपा आहे. एक ओळ गव्हाची, शेजारची गाजराची, पुन्हा गव्हाची, अशी ओळीआड ओळ लावावी. गाजर नको असेल तर मधली ओळ नांगरून ओली आणि रिकामी ठेवली तरी चालते, पण मग अर्धी जमीन पडीक राहते.

पांझरा_पाट

चौकोनी_वावर यांचे गणित वाचून आनंद झाला आणि थोडा रागही आला. आमचे मूळ गाव साक्री तालुक्यात, पांझरेच्या काठी. ज्यांना ठाऊक नसेल त्यांच्यासाठी सांगतो, पांझरा, मोसम या नद्यांवर शेकडो वर्षांपासून फड पद्धतीने शेती होत आली. नदीवर बंधारा, बंधाऱ्यातून पाट, आणि पाटाखालच्या जमिनीचे तीन-चार फड. एका फडात एकच पीक, मग त्या फडात तुमचे वावर असो की माझे. यंदा या फडात ऊस असेल तर सगळ्यांनी ऊसच लावायचा. कारण असे, की सगळ्या फडाला एकाच वेळी सारखेच पाणी लागते आणि पाटकऱ्याला पाळी देणे सोपे जाते. पाण्याची नासाडी होत नाही आणि भांडणही होत नाही.

आणि या खेळात नेमक्या त्याच एकजिनसी पेऱ्याला दंड! माझे आजोबा ऐंशीच्या पुढचे आहेत. नातवाच्या पडद्यावर ओळीआड ओळ पाहून ते म्हणाले, "हाई काय वावर शे का?" त्यांना हे सगळे पोरखेळ वाटले.

चौकोनी_वावर

दादा, आजोबांना माझा नमस्कार सांगावा. खेळात फड पद्धतीची गरज नसण्याचे कारण पाण्यातच आहे. तिथे पाण्याचा एक ठोकळा चारही दिशांना चार-चार घरे, कोपऱ्यांसकट, ओली ठेवतो, आणि ते पाणी कधीच आटत नाही. पाणी एकतर त्याच पातळीवर हवे किंवा एक घर वर. खाली असून उपयोग नाही. जिथे पाणी वाटायचेच नाही, तिथे पाटकरी काय करणार?

पण आजोबांना ओळीआड ओळ अगदीच अनोळखी नसावी. कपाशीत मुगाचा किंवा उडदाचा तास घालण्याची रीत खानदेशात आहेच (तास म्हणजे ओळ, घड्याळाचा नव्हे). फरक इतकाच, की मूग जमिनीला नत्र देतो म्हणून आपण तो घालतो आणि तो कपाशीच्या आधी निघून हातखर्चही देतो. खेळात गाजर गव्हाला काहीही देत नाही. ते केवळ गहू नाही, एवढाच त्याचा गुण.

रावेरची_केळी

मी मोबाइलवर बेडरॉक आवृत्ती खेळते, म्हणून दोन गोष्टी सांगते. पहिली अशी, की चौकोनी_वावर यांनी सांगितलेला तीन चिठ्ठ्यांचा आकडा जावाचा आहे. बेडरॉकमध्ये तो मुळात १ असतो. त्यामुळे संगणकावरच्या वेळा जशाच्या तशा मोबाइलला लावून निराश होऊ नये. दुसरी, बेडरॉकमध्ये उसालाही बोन मील चालते, जावात चालत नाही.

झोपण्याबद्दल भाच्याला स्पष्टच सांगावे. बिछान्यावर झोपल्याने रात्र वगळली जाते, पण तेवढ्या रात्रीच्या चिठ्ठ्या कोणी मागून टाकत नाही. सूर्य वर येतो आणि पीक जिथे होते तिथेच राहते. उलट रात्रभर जागे राहून मळ्याजवळ खाणकाम केले तर त्या वेळात पीक वाढते. "मळ्याजवळ" हा शब्द महत्त्वाचा आहे. आपण फार लांब निघून गेलो की तो भाग थिजतो आणि तिथली वाढ थांबते. आमच्याकडे शेतपंपाला रात्रीची वीज असली की वडील रात्रभर केळीच्या बागेत असतात. खेळातले हे जागरण मला त्याहून सोपे वाटते. निदान साप निघत नाही.

ऊस वाळूवर लवकर वाढतो असेही पुष्कळ जण सांगतात. तसे नाही. वाळू असो की माती, ऊस सारखाच वाढतो. त्याला शेजारी पाणी हवे, बाकी काही नको.

सातपुडा९

ओळींचे गणित मान्य आहे, पण बोन मीलचा मुद्दा सुटला. झटपट पीक हवे असेल तर त्याच्याइतके जलद दुसरे काय आहे?

चौकोनी_वावर

जलद आहे यात वाद नाही. प्रश्न परवडण्याचा आहे. दोन ते पाच पायऱ्यांचा हिशोब मांडला, तर एका रोपाला सरासरी २.४ बोन मील लागते. ८० रोपांना सुमारे १९० आणि हाडे ६४, म्हणजे हाडांचा एक पूर्ण गठ्ठा. एक स्केलेटन शून्य ते दोन हाडे टाकतो, सरासरी एक. एका वाफ्यासाठी साठेक स्केलेटन मारायचे आणि त्या बदल्यात ८० गहू घ्यायचे, म्हणजे भाकरीपेक्षा सरपण महाग. ज्यांच्याकडे स्केलेटनचा स्पॉनर (सतत नवे स्केलेटन सोडणारा ठोकळा) आहे आणि हाडांच्या पेट्या भरलेल्या आहेत, त्यांनी खुशाल वापरावे. बिटाला तर वापरूच नये, कारण एका वापरात फार तर एकच पायरी पुढे जाते, तीही चारपैकी तीनच वेळा. कलिंगड आणि भोपळ्याचा वेल त्याने वाढतो, पण फळ धरत नाही. फळाला शेजारी मोकळी जमीन आणि वेळच लागतो.

हाडे नसतील तर कंपोस्टर, म्हणजे खेळातली खताची पेटी, बरा. काढणीनंतर गव्हाचे बी नेहमीच उरते. एक बी टाकले की थर चढण्याची शक्यता ३० टक्के असते; सात थर भरायला साधारण वीस-एकवीस बिया लागतात आणि त्यातून एक बोन मील मिळते. श्रीमंती नव्हे, पण उकिरडा तरी वाया जात नाही.

पांझरा_पाट

मधमाश्यांबद्दल कोणीच लिहिले नाही. २०१९ च्या डिसेंबरात आलेल्या १.१५ आवृत्तीपासून खेळात मधमाश्या आहेत. फुलावरून पराग घेऊन पोळ्याकडे परतणारी माशी वाटेत पिकावरून उडाली, तर तिच्या अंगावरून कण गळतात आणि खालचे रोप एक पायरी पुढे जाते. एका फेरीत ती अशी दहा रोपे पुढे नेऊ शकते. म्हणून फुले मळ्याच्या एका टोकाला आणि पोळे दुसऱ्या टोकाला ठेवावे, म्हणजे तिची ये-जा पिकावरूनच होते. मी दोन पोळी ठेवली आहेत. आमच्या भागात कांद्याचे बियाणे धरणारे शेतकरी डोंगळे फुलावर आले की शेतात मधमाश्यांच्या पेट्या आणून ठेवतात, त्यामुळे ही गोष्ट मात्र आजोबांना लगेच पटली. नातवाला म्हणाले, की फवारणी करू नकोस.

वाघूरकाठ

सर्वांचे मनापासून आभार. काल संध्याकाळी आम्ही तिघांनी मिळून दुसरा वाफा तयार केला. तेवढाच, नऊ बाय नऊ, पाणी मधोमध. पण एक ओळ गहू आणि एक ओळ गाजर. जुना वाफा कापून पुन्हा सलग गव्हाने भरला. दोन्हीकडे एकाच वेळी पेरणी केली, भाच्याने मोबाइलवर अर्ध्या तासाचा गजर लावला आणि त्या वेळात आम्ही मळ्याशेजारच्या भुयारातच दगड फोडत बसलो.

गजर झाला तेव्हा जुन्या वाफ्यात ८० पैकी ९ रोपे तयार होती. नव्या वाफ्यात ५१! भाच्याने तीनदा मोजले. पहिल्यांदा त्याने गाजरे धरलीच नव्हती, कारण गाजर तयार झाले की केशरी बोंडे जमिनीतून जेमतेम डोकावतात आणि गव्हाच्या पिवळ्या ओंब्यांपुढे ती नजरेत भरत नाहीत.

पण आता मला नवीन शंका आली आहे. वेग दुप्पट व्हायला हवा होता, मग पीक पाचपटीहून अधिक कसे? आमचे कुठे चुकले का?

आणखी एक तक्रार. नव्या वाफ्यातली जी रोपे मागे राहिली, त्यांतली बरीचशी चारही कडांची आहेत. कोपऱ्यातले एकही तयार झाले नाही.

चौकोनी_वावर

काहीही चुकलेले नाही. वेग दुप्पटच आहे, पण आपण वेग मोजला नाही; आपण अर्ध्या तासात सातही पायऱ्या चढून गेलेली रोपे मोजलीत. अर्ध्या तासात एका रोपाला साधारण २६ पाळ्या मिळतात. सलग वाफ्यात सहा पाळ्यांना एक पायरी धरली तर सरासरी चार-साडेचार पायऱ्या होतात, म्हणजे बहुतेक रोपे अर्ध्या वाटेवर अडकलेली आणि नशीबवान तेवढीच वर पोहोचलेली. ओळीच्या वाफ्यात तीन पाळ्यांना एक या हिशोबाने सरासरी आठ-नऊ पायऱ्यांइतकी संधी मिळते आणि गरज सातचीच असते, म्हणून बहुतेक रोपे पोहोचतात. हीच मोजणी आपण तासाभराने केली असती तर फरक बराच आटलेला दिसला असता. एका रोपाचा सरासरी काळ म्हणाल तर ओळींच्या आतल्या भागात सुमारे २४ मिनिटे आणि सलग वाफ्यात सुमारे ४८ मिनिटे.

कडांचे कारणही गुणांतच आहे. कडेच्या रोपाला एका बाजूची तीन घरे मिळत नाहीत, कारण तिथे गवत किंवा कुंपण असते. त्याचे गुण पावणेआठवर येतात आणि चार पाळ्यांना एक वाढ होते. कोपऱ्याला तर पाच घरे कमी पडतात. सव्वासहा गुण, पाच पाळ्यांना एक. यावर काही जण बाहेरची एक फेरी नांगरून, ओली, रिकामी ठेवायला सांगतात. मला ते पटत नाही. नऊ बाय नऊच्या वाफ्यात अशी फेरी सोडली तर ३२ घरे पडीक जातात; थोडा वेग मिळवण्यासाठी वाफ्याचा पाच हिश्श्यांतला दोन हिस्सा मोकळा ठेवणे हा आतबट्ट्याचा व्यवहार आहे. वाफ्याच्या बाहेर दहावी ओळ नांगरावी म्हटले तर तिथे पाणी पोहोचत नाही, आणि कोरडी रिकामी जमीन थोड्याच वेळात पुन्हा साधी माती होते.

त्यापेक्षा वाफेच एकमेकांना चिकटवावेत. दोन वाफे शेजारी-शेजारी, मध्ये कुंपण नाही, वाट नाही, फक्त ओळींचा क्रम न मोडता पुढे नेलेला. लागून असलेल्या कडा मग कडा राहतच नाहीत. चार वाफे चौकोनात लावले तर आणखी बरे.

रावेरची_केळी

वाट अजिबात ठेवली नाही तर चालायचे कुठून, असे कोणी विचारण्याआधीच सांगते. पिकातून चालले तरी नुकसान होत नाही, उडी मारली किंवा उंचावरून पडले तर होते. पाण्याच्या ठोकळ्यावर मात्र कमळाचे पान किंवा अर्धा ठोकळा टाकावा, नाहीतर काढणी करता करता माणूस त्यात पडतो आणि बाहेर येताना हमखास उडी मारतो.

वाघूरकाठ

हे आपण दोन तास आधी लिहायला हवे होते. मधली जुनी कुंपणाची ओळ काढून दोन्ही वाफे जोडण्याचे काम आज दुपारी सुरू केले. मुलगा कुंपण काढत होता, मी सलग वाफ्यातला गहू कापून ओळी आखत होते आणि भाचा मधल्या पाण्यात पडला. तो बाहेर आला तो उड्या मारतच, गव्हाच्या दोन घरांवरून आणि गाजराच्या तीन घरांवरून. पाचही घरांची माती झाली आणि बियाणे वर उडून पडले. त्यानंतर दोघांमध्ये जे झाले ते इथे लिहिण्यासारखे नाही.

आता पाण्यावर अर्धे ठोकळे टाकले आहेत. जोडलेला वाफा नऊ बाय अठरा झाला आहे, ओळी लांबीच्या दिशेने घेतल्या आहेत आणि पाण्याची घरे दोन असल्यामुळे १६० घरांत पेरा बसतो. पांझरा_पाट यांच्या सांगण्याप्रमाणे एका टोकाला पिवळ्या फुलांचा ताटवा लावून ठेवला आहे. पोळे अजून सापडलेले नाही, उद्या सकाळी ऊन चढण्याआधी मुले ते शोधायला जाणार आहेत. खेळातले ऊन नव्हे, इथले. दहानंतर संगणकाच्या खोलीतही बसवत नाही.

पेरणी ५ वाजून १० मिनिटांनी झाली. मोजणी ५ वाजून ४० मिनिटांनी करू. या वेळी गाजरे मी स्वतः मोजणार आहे.